साहेबाचं खूळ, सोनईची दिवाळी

नाव घेत नाही. सोनई काही मुंबई नव्हे. इथं 'पिंपळाजवळचं घर' एवढं म्हटलं तरी निम्म्या गावाला कळतं आणि उरलेलं निम्मं गाव खात्री करून घ्यायला त्या घरी चहाला जातं. पण पोटात राहत नाही म्हणून सांगते. ऐन वसुबारसेला, शंकरपाळ्यांचा घाणा कढईत सोडलेला, आणि एका चांगल्या घरच्या सूनबाई उजव्या हातात झारा अन् डाव्या हातात दिवाळी अंक धरून उभ्या. कथा म्हणे अगदी शेवटाला आली होती. कथा संपली तोवर घाणाही संपला. काळाठिक्कर! धूर बघून सासूबाई धावत आल्या. मी खिडकीत होते. मुद्दाम नव्हे हो, धण्याला ऊन दाखवत होते. म्हटलं, आता तोंडाचा पट्टा सुटणार. तर सासूबाईंनी गॅस बंद केला, कढईकडे ढुंकून पाहिलं नाही, सुनेच्या हातातला अंक ओढला आणि म्हणाल्या, "तुझं झालं असंल तर आण इकडं, मला माझी रास बघायचीय." आता बोला!

दुसरं ऐका. आमचे एक निवृत्त गुरुजी आहेत. करकरीत माणूस. ऱ्हस्व-दीर्घ चुकलं तर पोराला आणि पोराच्या बापालाही उभं करायचे. ते वाचनालयाच्या बाकावर 'साधने'चा दिवाळी अंक उघडून बसलेले. साने गुरुजींनी १५ ऑगस्ट १९४८ला सुरू केलेलं साप्ताहिक ते, त्याच्याकडे बघून कुणालाही हात जोडावेसे वाटतील. पण पान काही उलटेना, आणि मधूनच गुरुजींचे खांदे गदगदा हलायला लागले. आता 'साधना' वाचून माणूस विचारात पडतो, अस्वस्थ होतो, एखादा पिशवी घेऊन मोर्चालाही जातो. पण एवढं हसू कुणाला येत नाही. एका टारगट पोरानं मागून जाऊन डोकावलं. 'साधने'च्या पोटात 'आवाज'! आणि तोही नेमका खिडकीच्या पानावर.

ज्यांना खिडकी ठाऊक नाही असं दाखवायचंय त्यांच्यासाठी सांगते. मधुकर पाटकरांनी १९५१ साली 'आवाज'चा पहिला दिवाळी अंक काढला आणि पुढं त्यात ही खिडकीचित्रांची गंमत आली. पानाला चौकोनी भोक. त्यातून मागच्या चित्राचा तेवढाच तुकडा दिसतो, आणि तो असा की बघणाऱ्यानं आधी आजूबाजूला बघावं. पान उलटलं की काय निघतं? कुणी पीठ मळतंय, कुणी भोपळा उचलतंय. म्हणजे पाप कुणाच्या मनात? तुमच्या! संपादक नामानिराळे. गुरुजींना विचारलं तर म्हणाले, "छपाईतंत्र बघत होतो."

तिसरा आमच्या नात्यातलाच आहे, म्हणून त्याचं तर अजिबातच नाव घेत नाही. घोडेगावच्या बाजारात कांदा देऊन आला. भाव असा लागला होता की पट्टी बघूनच डोळ्यांत पाणी यावं. एखादा सरळ घरी आला असता, जेवून झोपला असता. हा गडी तिथून नगरला गेला आणि चांगले जाडजूड अंक घेऊन आला. ट्रॅक्टरच्या सीटखाली पान्यांच्या पेटीत लपवले. बायकोला सापडले तेव्हा म्हणतो, "फवारणीची पुस्तकं हायेत." तिनं एक उघडलं. मुखपृष्ठावर नऊवारीतली बाई, हातात पणती. "ही काय फवारती?" तिनं विचारलं. उत्तर अजून आलेलं नाही.

ज्या नेवासे तालुक्यात ज्ञानोबांनी ज्ञानेश्वरी सांगितली, त्या तालुक्याची ही तऱ्हा! म्हटलं, ह्या खुळाचं मूळ शोधलंच पाहिजे. शोधलं, आणि जे निघालं ते ऐकून तुम्ही तोंडाला पदर लावाल. हे खूळ आपलं नव्हेच, साहेबाचं आहे. आणि साहेबाच्या घरीसुद्धा ते काही सोवळ्यात जन्मलेलं नाही.

एडवर्ड केव्ह नावाचा इसम. रग्बी गावच्या जोडे शिवणाऱ्याचा मुलगा, हुशार म्हणून मोठ्या शाळेत घेतलेला. तिथं हेडमास्तरांच्या बायकोचा कोंबडा नाहीसा झाला आणि आळ आला केव्हवर. कोंबडा खरंच कुणी खाल्ला ते देव जाणे, पोराची शाळा मात्र सुटली. हाच पोरगा पुढं लंडनला जाऊन छापखान्यात लागला आणि १७३१ साली त्यानं 'जंटलमन्स मॅगझिन' नावाचं मासिक काढलं. कोंबड्याचा आळ असलेला माणूस सभ्य गृहस्थांचं मासिक काढतो, तेही 'सिल्व्हेनस अर्बन' असं खोटं नाव घेऊन! आणि मासिकात काय? दुसऱ्यांच्या वर्तमानपत्रांतलं निवडून टिपून घेतलेलं. बाजारभाव, लग्नं, मृत्यू, कविता, भांडणं. लोकांनी डोक्यावर घेतलं.

त्याच्यापुढची गोष्ट तर अगदी कानात सांगण्याजोगी आहे. लोकांना पार्लमेंटातली भांडणं वाचायची फार हौस. १७३८ साली पार्लमेंटानं ठराव केला, आमची भाषणं कुणी छापायची नाहीत. केव्ह गप्प बसला? छे! त्यानं छापायला सुरुवात केली 'लिलिपुटच्या सिनेटातल्या चर्चा'. गलिव्हरच्या गोष्टीतलं ते बुटक्यांचं राज्य. मेंबरांची नावं थोडी वाकडीतिकडी करायची, की कायद्याच्या बाहेर. आणि ही भाषणं लिहायचं कोण? सॅम्युअल जॉन्सन! पुढं ज्यानं इंग्रजीचा तो मोठा शब्दकोश केला, तोच. तेव्हा पोटासाठी केव्हकडे लिहीत होता. सभागृहाच्या गॅलरीत गेला एकदाच. बाकी कुणीतरी येऊन सांगायचं, अमक्यानं असं मांडलं, तमक्यानं तसं खोडलं. की हा माळ्यावरच्या खोलीत बसून भाषण रचायचा. अशी दोन-अडीच वर्षं. लोक ती खरी समजून वाचायचे. पुढं कधीतरी एका मेजवानीत पाहुणे मंडळी पिट साहेबांच्या एका जुन्या भाषणाची तारीफ करत होती, की ग्रीक वक्त्यांनाही असं जमलं नसतं. जॉन्सन शांतपणे म्हणाला, ते मी लिहिलंय, एक्झिटर स्ट्रीटच्या माळ्यावर बसून. त्या टेबलावरच्या घासांचं काय झालं असेल!

आमच्याकडेही पुढाऱ्यांची भाषणं दुसरेच लिहून देतात म्हणा. पण निदान पुढाऱ्याला ती वाचून तरी दाखवावी लागतात.

बरं, एवढ्यावर थांबलं असतं तर ठीक. पण मासिकवाल्यांनी एकमेकांचे मुडदे पाडले हो, मुडदे! एडिंबरोत 'ब्लॅकवुड्स' नावाचं मासिक होतं, १८१७चं. टोपणनावानं लिहायचं आणि लंडनच्या कवींची, लेखकांची सालं काढायची, हा त्यांचा धंदा. कीट्ससारख्या पोराला त्यांनी सोडलं नाही. लंडनच्या 'लंडन मॅगझिन'चा संपादक जॉन स्कॉट, त्यानं उलट सुनावलं: पडद्याआडून बोलणारे हे लोक कोण, आणि त्यातला लॉकहार्ट नेमकं काय करतो, ते सांगा. शब्दानं शब्द वाढला. लॉकहार्टच्या वतीनं त्याचा मित्र ख्रिस्ती मैदानात उतरला आणि १६ फेब्रुवारी १८२१च्या रात्री, चांदण्यात, लंडनजवळ चॉक फार्मला दोघांनी एकमेकांवर पिस्तुलं रोखली. स्कॉटला गोळी लागली. तिकडं रोममध्ये कीट्स क्षयानं २३ तारखेला गेला, इकडं स्कॉट २७ला. ख्रिस्तीवर खटला चालला आणि तो सुटला. ज्याच्यामुळं हे रामायण झालं तो लॉकहार्ट चार वर्षांनी एका बड्या त्रैमासिकाचा संपादक झाला! संपादक व्हायला काय लागतं ते ह्यावरून कळतं.

बायकांची मासिकं तरी सोज्वळ असतील म्हणून बघायला गेले, तर तिथंही तेच. सॅम्युअल बीटन ह्या गृहस्थानं १८५२ साली 'इंग्लिशवुमन्स डोमेस्टिक मॅगझिन' काढलं. त्याची बायको इझाबेला त्यात पाककृती लिहायची. त्याचंच पुढं ते प्रसिद्ध गृहव्यवस्थेचं पुस्तक झालं, १८६१ साली. इथवर सगळं छान. पण तिच्या पश्चात, १८६७च्या सुमाराला, वाचकांच्या पत्रव्यवहारात विषय निघाला कंबरपट्ट्याचा. पोलादी काड्यांचा तो कॉर्सेट किती आवळावा, कमरेचा घेर किती इंचांवर आणावा, आवळल्यावर कसं वाटतं. पत्रांमागून पत्रं, वर्षानुवर्षं! लिहिणाऱ्या खरंच बायका होत्या की मिशा पिळणारे बाप्ये, ह्यावर अजून विद्वान लोक वाद घालतात. शेजारच्याच पानावर पुडिंगची कृती. काय ती गृहिणी, आणि काय ते तिचं मासिक!

आता दिवाळीकडे येते. नाताळ हा त्यांचा सण. आणि सणाला माणसाचा खिसा सैल असतो हे साहेबाच्या व्यापारी डोक्यात चांगलंच बसलेलं. १८२२च्या हिवाळ्यात आकरमान नावाच्या दुकानदारानं 'फर्गेट मी नॉट' म्हणून भेट द्यायचं चित्रमय पुस्तक काढलं. मग 'कीपसेक' आलं, लाल रेशमी बांधणीचं. आत कविता, गोष्टी, सुंदर बायकांची कोरीव चित्रं. तरुणांनी विकत घ्यावं, तरुणींना द्यावं आणि तरुणींनी बैठकीच्या टेबलावर दिसेल असं ठेवावं. वाचलंच पाहिजे अशी सक्ती नव्हती. (आमच्याकडं दिवाणखान्यातल्या काचेच्या टीपॉयवर जे अंक नोव्हेंबरपासून पुढच्या दसऱ्यापर्यंत कोऱ्या करकरीत अवस्थेत असतात, त्यांचं मूळ गोत्र हे.) पुढं सरकारनं १८५५ साली वर्तमानपत्रांवरचा मुद्रांककर उठवला, १८६१ साली कागदावरचा कर उठवला, रेल्वेच्या फलाटावर पुस्तकांचे ठेले आले, आणि मग मासिकांचा जो पूर आला तो आलाच.

डिकन्स ह्या पुरातला पट्टीचा पोहणारा. त्याच्या साप्ताहिकाचा नाताळ विशेषांक अडीच लाखांच्या पुढं खपायचा. विशेषांकाचं हे खूळ घरोघर पोचवण्यात त्याचा मोठा हात. आणि मग जो तो उठून नाताळ अंक काढायला लागला, तेव्हा कंटाळून १८६८ साली त्यानंच आपला बंद केला. थॅकरेचं तर विचारूच नका. १८६०च्या जानेवारीत 'कॉर्नहिल' मासिक निघालं, हा संपादक. पहिलाच अंक लाखावर खपला. मालकानं पगार दुप्पट केला. संपादकमहाराज आनंदानं इतके बेभान झाले की लंडनमध्ये राहवेना, पॅरिसला पळाले आणि तिथं जवाहिऱ्यांच्या दुकानांच्या काचांना नाक लावून हिंडायला लागले. मराठी संपादकही अंक निघाल्यावर पळतो, नाही असं नाही. पण कागदवाला मागं लागलेला असतो म्हणून.

त्याच 'कॉर्नहिल'नं जॉर्ज एलियट ह्या बाईंना 'रोमोला' कादंबरीचे सात हजार पौंड मोजले. उलट डॉक्टर कॉनन डॉयलची गोष्ट. 'अ स्टडी इन स्कार्लेट' घेऊन बिचारा प्रकाशकांचे उंबरे झिजवत होता. शेवटी ती छापून आली १८८७च्या 'बीटन्स ख्रिसमस अॅन्युअल'मध्ये. म्हणजे शेरलॉक होम्स ह्या भूतलावर पहिल्यांदा अवतरला तो एका नाताळ अंकात! सगळ्या हक्कांसकट मोबदला किती? पंचवीस पौंड. नंतर 'स्ट्रँड' मासिकानं होम्सच्या कथांवर अफाट पैसा केला, आणि १८९३च्या डिसेंबरात डॉयलनं कंटाळून होम्सला धबधब्यात ढकलला, तेव्हा वीस हजारांवर वर्गणीदारांनी वर्गणी तोडली असं सांगतात. डॉयलला लोकांनी भर रस्त्यात बोल लावले म्हणे. आमच्या सोनईत एखाद्या मालिकेतली सून मेली तर शेजारणी फार तर भाकरी उशिरा थापतात.

शेवटचं एक सांगते आणि साहेबाला सोडते. 'यलो बुक' नावाचं पिवळ्या जिल्दीचं त्रैमासिक १८९४ला निघालं. बिअर्ड्सलीची चित्रं, त्यामुळं आधीच बदनाम. दुसऱ्या वर्षी ऑस्कर वाइल्डला अटक झाली, तेव्हा त्याच्या काखेत एक पिवळं पुस्तक होतं. ती होती फ्रेंच कादंबरी. वाइल्डनं 'यलो बुक'मध्ये कधी एक ओळ लिहिली नव्हती. पण लोकांनी पिवळा रंग बघितला आणि प्रकाशकाच्या काचा फोडल्या! बिअर्ड्सलीची नोकरी गेली. न वाचता काचा फोडायची प्रथा आपल्याच लोकांनी काढली असा माझा समज होता; तोही गेला.

असलं हे खूळ आपल्याकडं आणलं कुणी? त्यात आपला जिल्हा मागं होता असं समजू नका. बाळशास्त्री जांभेकरांचं 'दर्पण' मुंबईत निघालं १८३२ला, आणि दहाच वर्षांत, १८४२ साली, आपल्या नगरहून 'ज्ञानोदय' निघालं. अमेरिकन मिशनऱ्यांचं. पुढं रेव्हरंड ना. वा. टिळक त्याच्या मराठी विभागाचे संपादक होते. म्हणजे नगरकरांच्या हातात नियतकालिक ठेवायचं पाप पावणेदोनशे वर्षांहून जुनं आहे, दोष गावातल्या पोरांना देऊ नये. मग हरिभाऊ आपट्यांनी १८९०ला 'करमणूक' काढून 'पण लक्षात कोण घेतो' आठवड्या-आठवड्यानं पाजली आणि घरातल्या बायकांना 'पुढं काय झालं' म्हणायची चटक लावली.

पण दिवाळी अंकाचे खरे गुन्हेगार काशिनाथ रघुनाथ आजगावकर. कोकणातले, आजगावचे. बंगाली साहित्याचं प्रेम एवढं की आपलं चांगलं आडनाव टाकून 'मित्र' हे बंगाली आडनाव लावलं! घरच्यांना काय वाटलं असेल? १८९५ साली त्यांनी 'मासिक मनोरंजन' काढलं, आणि साहेब नाताळाचा अंक काढतो तर आपण दिवाळीचा का काढू नये म्हणून १९०९ साली मराठीतला पहिला दिवाळी अंक काढला. बघा, सण आपला, फराळ आपला, खूळ साहेबाचं, आडनाव बंगाल्याचं. आणि आता म्हणे ही मराठी संस्कृतीची खास ओळख!

एकदा ढोल वाजला की कोण थांबतं? सांगलीकडं किर्लोस्करवाडीला लोखंडी नांगर करायचा कारखाना. माणसानं नांगर करावेत, विकावेत, पैसे मोजावेत. ह्यांनी १९२० साली 'किर्लोस्कर खबर' काढली. कारखान्याची बातमीपत्रिका म्हणून सुरू झालेली, आणि शंकरराव किर्लोस्करांच्या हातात ती अख्ख्या महाराष्ट्राशी वाद घालणारं मासिक होऊन बसली. वर 'स्त्री' आणि 'मनोहर' ही आणखी दोन. नांगरानं जमीन उकरायची सोडून डोकी उकरायला लागले!

त्याहून वरचढ र. धों. कर्वे. महर्षी कर्व्यांचे चिरंजीव, गणिताचे प्राध्यापक. १९२७ साली 'समाजस्वास्थ्य' काढलं आणि संततिनियमनापासून पुढं काय काय, सगळं उघड लिहिलं. लोक वर्गणी भरायचे, आणि अंक आला की गादीखाली. कोर्टात खेचले गेले. १९३४च्या खटल्यात त्यांच्या बाजूनं कोण उभं राहिलं? डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर! खटला हरले, दंड झाला, तरी १९५३ साली मरेपर्यंत मासिक चालूच. आज त्यांचं नाव निघालं की सगळे मान डोलावतात. पण तेव्हाचे गादीखालचे अंक कुणाकुणाच्या घरी सापडले, ते कुणीच सांगत नाही.

आणि दिवाळी अंक तर थेट सुप्रीम कोर्टापर्यंत गेला, ठाऊक आहे? 'रंभा' मासिकाच्या १९६२च्या दिवाळी अंकात चंद्रकांत काकोडकरांची 'श्यामा' आली. अश्लील म्हणून फिर्याद झाली. उच्च न्यायालयानं दोषी धरलं. प्रकरण दिल्लीला गेलं. देशातल्या सगळ्यांत मोठ्या न्यायमूर्तींना मराठी दिवाळी अंकातली कादंबरी तपासायला बसावं लागलं. त्यांच्या घरच्यांना काय सांगितलं असेल देव जाणे, बहुतेक फवारणीचं पुस्तक. १९६९ साली निकाल लागला: ह्यानं तरुण पोरं बिघडतील असं काही वाटत नाही, सोडा ह्यांना. तोवर सात वर्षं गेली. 'श्यामा' वाचलेली पोरं एव्हाना बाप झाली होती आणि आपापल्या पोरांना दिवाळी अंक वाचू नका म्हणून सांगत होती.

त्याच १९६९ साली राजा ढाले आणि मित्रांनी 'सत्यकथे'चा अंक भर मुंबईत जाळला. का? तर मासिक फार शिष्ट, ठरावीकच लेखकांचं, ठरावीकच चवीचं. तिचे संपादक श्री. पु. भागवत आणि राम पटवर्धन एकेका कथेवर महिनोन्‌महिने लेखकाशी पत्रव्यवहार करायचे, स्वल्पविरामापर्यंत. हे तरुण म्हणाले, आम्ही आमचं काढतो. आणि काढली, चक्रमुद्रित, पिनांनी टोचलेली. नावं तरी काय? 'असो', 'येरू', 'फक्त', 'आत्ता', 'वाचा'. मासिकाला नाव असं असतं? पण खरं सांगू, तिकडं लंडनमध्ये माणूस मारला, आपण कागद जाळला. आणि जाळायला का होईना, अंक आधी विकत घ्यावा लागतो. 'सत्यकथा' बंद पडली १९८२ साली. तिच्या बंद पडण्यावर जेवढे लेख आले, तेवढे वर्गणीदार असते तर ती बंद पडती ना.

हे वाक्य लिहिताना मला मिरची लागली, आणि तुम्हालाही लागावी. कारण मला खरी लाज वाटते ती खिडकीच्या चित्राची नाही, 'श्यामा'चीही नाही. फुकटेपणाची वाटते. विलायतेतही लोक भाड्यानं वाचायचे. म्युडीचं वाचनालय प्रसिद्ध होतं. पण वर्षाची गिनी मोजून. आमच्याकडं मात्र एक अंक विकत घेतला जातो आणि आळी वाचते.

आपल्या भागाचंच बघा. दसरा-दिवाळी आली की मुळा कारखान्याच्या गळिताची बोलणी सुरू होतात, तोडणीच्या टोळ्या येतात, कुणाला बोनस, कुणाला उसाचं बिल, सभासदांना साखर. गावात पैसा खेळतो. नवी मोटारसायकल येते, फटाक्यांची माळ येते, सुनेला पैठणी येते. अंक मात्र 'वाचून देते हं' म्हणून नेला जातो. इथून चार पावलांवर शनिशिंगणापूर. तिथल्या घरांना दारं नाहीत, चोरी केली तर शनिदेव बघून घेतात असा धाक. दिवाळी अंकाच्या बाबतीत तो धाकही चालत नाही, कारण अंक लांबवणं ही चोरी नव्हे, तिला वाचनसंस्कृती म्हणतात!

मग संपादकानं काय करायचं? तो जाहिराती गोळा करतो. साखर कारखाना, पतसंस्था, दूध संघ, शिक्षण संस्था, बिल्डर. हात जोडलेले चेहरे. कथेच्या मधोमध नायिका विहिरीच्या काठावर उभी, आणि पान उलटलं की चेअरमन आणि संचालक मंडळाकडून हार्दिक शुभेच्छा. लोक नाकं मुरडतात, 'अंकात जाहिरातीच फार'. अहो, त्या चेहऱ्यांनी पैसे भरले म्हणून नायिका निदान विहिरीपर्यंत तरी पोचली! तुम्ही किती भरले? व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' आधी 'मौजे'च्या दिवाळी अंकात आली, मग पुस्तक झाली. असली एखादी कादंबरी पुन्हा येईपर्यंत कुणीतरी तो कागद, ती शाई, तो टपालखर्च सोसत राहायला हवा ना.

पुढाऱ्यांना तर मी ह्या बाबतीत बोलतच नाही, कारण सोनईत पुढारीही ह्याच खुळातले. साखर कारखाना उभा करणाऱ्या माणसानं मोळी टाकावी, भाषण ठोकावं. यशवंतराव गडाखांनी 'अर्धविराम' नावाचं आत्मचरित्र लिहिलं, आणि १९९७ साली नगरला सत्तरावं साहित्य संमेलन भरलं, ना. सं. इनामदार अध्यक्ष, तेव्हा स्वागताध्यक्षही तेच. नांगरवाल्यांचं जे झालं तेच साखरवाल्यांचं. आता गावचा मोठा माणूसच पुस्तकं लिहितो, तर फवारणीवाल्यानं कुणाकडं बघून सुधारायचं?

तेव्हा सुधारण्याची आशा मी सोडलेली आहे. घाणे जळणार, गुरुजींचे खांदे हलणार, कांद्याची पट्टी अंकांत जाणार. माझी तक्रार एवढीच की हे चोरूनमारून आणि उसनवारीवर चाललंय. यंदा असं करा. नगरला गेलात की निदान एक अंक स्वतःच्या पैशानं घ्या. कुठलाही घ्या, थोरामोठ्यांचा घ्या, भुताखेतांचा घ्या, राशिभविष्याचा घ्या, हवा तर खिडकीवालाही घ्या. त्यावर पेनानं मोठ्या अक्षरांत आपलं नाव घाला. आणि शेजारीण दारात येऊन 'वाचून देते हं' म्हणाली, तर तिला दुकानाचा पत्ता द्या, अंक देऊ नका.